बगदाद करार

तुर्कस्तान व इराक यांच्यात २४ फेब्रुवारी १९५५ रोजी बगदाद येथे झालेला परस्पर सहकार्याचा करार व त्यातून उभी राहिलेली प्रादेशिक संरक्षण संघटना. ब्रिटन, पाकिस्तान व इराण ही राष्ट्रे त्याच वर्षी करारात सामील झाली. १९५८ मधील राज्यक्रांतीनंतर इराक त्यातून बाहेर पडला, तेव्हा संघटनेचे ‘मध्यवर्ती करार संघटना’ (सेंटो) असे नामांतर करण्यात आले. २६ सप्टेंबर १९७९ रोजी ती विसर्जित झाली. करारात कोणत्याही शत्रूचा नामनिर्देश नव्हता. तथापि सोव्हिएट रशियाच्या दक्षिण सीमेलगत राष्ट्रांची सलग फळी उभारून त्या देशाचा मध्यपूर्वेतील शिरकाव रोखणे, हा त्यामागील हेतू उघड होता. प्रत्यक्षात करारानंतर सात महिन्यांच्या आत सोव्हिएट गटाची शस्त्रे ईजिप्तला मिळण्याचे निश्चित झाले, म्हणजे ही फळी न भेदताच तो गट तिच्या पाठीमागे पोहोचला. आणि चार वर्षे पुरी होण्यापूर्वीच, ज्या शहराचे नाव कराराला पडले होते, तेच शहर संघटनेच्या हातून गेले.

पार्श्वभूमी : काळा समुद्र व कॅस्पियन समुद्र यांच्या दक्षिणेस तुर्कस्तान आणि इराण हे देश पसरलेले असून त्यांच्या पाठीशी इराकचे मैदान व इराणचे आखात येते. एकोणिसाव्या शतकात रशियाचा दक्षिणेकडील विस्तार व हिंदुस्थानकडे येणारे मार्ग सुरक्षित राखण्याची ब्रिटनची धडपड यांचा संघर्ष प्रामुख्याने याच पट्ट्यात झाला. १९०७ च्या करारान्वये या दोन सत्तांनी इराणमध्ये आपापली प्रभावक्षेत्रे आखून घेतली. इराणची संमती त्यासाठी कोणी विचारली नाही. तुर्कस्तान, इराक, इराण व अफगाणिस्तान यांनी ८ जुलै १९३७ रोजी आपसांत सादाबाद करार केला. परंतु चारच वर्षांनी, ऑगस्ट १९४१ मध्ये, ब्रिटिश व सोव्हिएट सैन्ये इराणमध्ये शिरली, तेव्हा तो करार निरुपयोगी ठरला.

दुसरे महायुद्ध संपताच सोव्हिएट रशियाचा दबाव वाढला. १९४५ मध्ये त्याने तुर्कस्तानकडे कार्स व अर्दाहान हे प्रांत आणि सामुद्रधुन्यांच्या संरक्षणात सहभाग मागितला. उत्तर इराणमधील आपले सैन्य त्याने ठरल्या मुदतीत काढून घेतले नाही. ते मे १९४६ मध्ये गेले. या घटनांमुळे अंकारा व तेहरान येथे निर्माण झालेली भीती खरी होती आणि पुढील सर्व घडामोडींत हे ध्यानी ठेवणे आवश्यक आहे. १२ मार्च १९४७ रोजी अमेरिकेचे अध्यक्ष हॅरी ट्रूमन यांनी ग्रीस व तुर्कस्तान यांना साहाय्य देण्याचे धोरण जाहीर केले आणि फेब्रुवारी १९५२ मध्ये ही दोन्ही राष्ट्रे नाटोची सदस्य झाली.

तुर्कस्तानच्या दक्षिणेकडील अरब प्रदेशात मात्र वेगळीच स्थिती होती. तेथील लोकांना आलेला परकी सत्तेचा अनुभव रशियाचा नसून ब्रिटन व फ्रान्स यांचा होता. सुएझ कालवा विभागात ब्रिटनचा प्रचंड लष्करी तळ होता. इराकमध्ये १९३० च्या तहान्वये हब्बानिया व शैबा येथील हवाई तळ ब्रिटनच्या ताब्यात होते. या तहाऐवजी नवा तह करण्याचा प्रयत्न जानेवारी १९४८ मध्ये पोर्टस्मथ येथे झाला. पण बगदादमध्ये लोकक्षोभ एवढा उसळला, की सहीनंतर आठवड्याभरातच तो तह इराकच्या राजप्रतिनिधीस झिडकारावा लागला. ऑक्टोबर १९५१ मध्ये ब्रिटन, अमेरिका, फ्रान्स व तुर्कस्तान यांनी मध्यपूर्वेसाठी संयुक्त सेनापत्य स्थापण्याची योजना ईजिप्तपुढे मांडली. ज्या परकी तळाविरुद्ध आपला लढा चालू आहे, त्यालाच नवे नाव देण्याचा हा प्रकार होय, असे मानून ईजिप्तने ती तात्काळ फेटाळली.

अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री जॉन फॉस्टर डलेस यांनी मे १९५३ मध्ये मध्यपूर्व व दक्षिण आशिया यांचा दौरा केला. अरब राष्ट्रांना इझ्राएल व वसाहतवाद यांपुढे साम्यवादाच्या धोक्याचे फारसे महत्त्व वाटत नाही, ही गोष्ट त्यांनी अचूक हेरली. सोव्हिएट सीमेच्या निकट असलेल्या राष्ट्रांना धोक्याची जाणीव अधिक आहे. म्हणून संरक्षणव्यवस्थेचा आरंभ तेथून व्हावा, असा निष्कर्ष त्यांनी काढला. ‘उत्तरेची फळी’ ही कल्पना ती हीच. या फळीचा मधला दुवा जो इराण, तेथे ते या दौऱ्यात गेले नव्हते. तेथे मुहंमद मोसादेक यांचे सरकार अधिकारावर होते व खनिज तेलाच्या राष्ट्रीयीकरणावरून त्याचे ब्रिटनशी हाडवैर जडले होते. ऑगस्ट १९५३ मध्ये ब्रिटिश व अमेरिकन गुप्तहेरखात्यांच्या साहाय्याने मोसादेक यांना पदच्युत करण्यात आले आणि शाहाची सत्ता दृढ झाली. फळीतील रिकामी जागा अशा रीतीने भरण्यात आली.

करार व सदस्य : तुर्कस्तान व पाकिस्तान यांनी २ एप्रिल १९५४ रोजी मैत्रीचा व सहकार्याचा करार केला. त्याच महिन्यात अमेरिकेने इराकशी व १९ मे १९५४ रोजी पाकिस्तानशी लष्करी मदतीचे करार केले. इराकचे पंतप्रधान नूरी अस् सईद आणि तुर्कस्तानचे पंतप्रधान अदनान मेंडेरेस यांनी पुढील वर्षी केलेला करार थोडक्या कलमांचा असून त्याची मुदत पाच वर्षांची व पुढे वाढविता येण्याजोगी होती. संयुक्त राष्ट्रांच्या सनदेतील एक्कावन्नाव्या कलमास अनुसरून उभय राष्ट्रांनी सुरक्षितता व संरक्षण यांबाबत सहकार्य करावे, एवढेच त्यात म्हटले होते. एका सदस्यावरील हल्ला हा सर्वांवरील हल्ला समजण्याचे नाटोच्या तहातील बंधन त्यात नव्हते. अरब संघाच्या सदस्यांना, तसेच या प्रदेशाच्या सुरक्षिततेशी निकट संबंध असलेल्या व दोन्ही पक्षांनी मान्यता दिलेल्या अन्य राष्ट्रांना करार खुला होता. इराकची इझ्राएलला मान्यता नसल्यामुळे या शब्दयोजनेने इझ्राएलला आपोआप वगळले.

ब्रिटनने एप्रिल १९५५ च्या आरंभी, पाकिस्तानने २३ सप्टेंबर रोजी व इराणने सोव्हिएट रशियाचा निषेध डावलून नोव्हेंबरच्या आरंभी करारास मान्यता दिली. सदस्य-राष्ट्रांच्या मंडळाची पहिली बैठक २१ नोव्हेंबर १९५५ रोजी बगदाद येथे भरली. ज्या राष्ट्राच्या कल्पनेतून ही योजना निघाली ती अमेरिका मात्र सदस्य झालीच नाही. अधिकृत सदस्यत्व घेतल्यास ईजिप्त व सौदी अरेबिया दुरावतील, आणि इझ्राएलच्या पाठीराख्यांकडून त्या देशालाही तसेच संरक्षण-आश्वासन देण्याची मागणी येईल, ही तिची अडचण होती. तिने बैठकींना निरीक्षक पाठविले, १९५६ मध्ये आर्थिक समितीत व १९५७ मध्ये लष्करी समितीत भाग घेतला आणि मदतीचा बहुतेक भार उचलला. सही सोडून सर्व काही करणारा असा हा सदस्य होता. अमेरिकेने सही करावी म्हणून इतर राष्ट्रे सतत आग्रह धरीत राहिली व तिच्या नकाराचा अर्थ मित्र व विरोधक दोघांनीही आपापल्या परीने लावला.

सदस्यांचे हेतू पाहिले, म्हणजे कराराचा दुबळेपणा कोठे होता ते कळते. सोव्हिएट रशियाची प्रत्यक्ष धास्ती तुर्कस्तान व इराण यांना होती. पण तुर्कस्तान नाटोमुळे आधीच संरक्षित होता. ब्रिटनपुढे वेगळा प्रश्न होता. १९ ऑक्टोबर १९५४ च्या करारान्वये त्याने सुएझचा तळ वीस महिन्यांत सोडण्याचे मान्य केले होते आणि इराकबरोबरचा १९३० चा तह १९५७ मध्ये संपणार होता. बगदाद करारामुळे हब्बानिया व शैबा हे तळ नावापुरते इराककडे सोपवून त्यांचा वापर चालू ठेवण्याची सोय ब्रिटनला झाली. इराकी जनतेने १९४८ मध्ये जे नाकारले होते, ते असे प्रादेशिक करारातून परत आले. जनतेच्याही हे लक्षात आल्यावाचून राहिले नाही. नूरी अस् सईद यांना पश्चिमेकडून शस्त्रे हवी होती, तसेच अरब जगताचे नेतृत्व कैरोकडे न जाता बगदादकडे यावे, ही त्यांची आकांक्षा होती. पाकिस्तानची नजर उत्तरेकडे नव्हे, तर पूर्वेकडे होती. एकाच करारावर सह्या करणाऱ्या पाच राष्ट्रांपैकी तिघांचे मुख्य प्रतिस्पर्धी त्या करारात अभिप्रेतच नव्हते.

अरब जगतातील प्रतिक्रिया : ईजिप्तचे नेते गमाल अब्दुल नासर यांनी कराराला कडाडून विरोध केला. अरब राष्ट्रांच्या संरक्षणाची योजना अरब संघानेच आखावी, बाहेरील सत्तांनी नव्हे, असे त्यांचे प्रतिपादन होते. त्यामागे इराकशी असलेली जुनी चुरसही होती. करारावर सह्या झाल्यावर चौथ्याच दिवशी, २८ फेब्रुवारी १९५५ रोजी, इझ्राएली सैन्याने गाझावर छापा घातला व ईजिप्तच्या सैन्याची दुर्बलता उघडी पडली. या दोन घटनांचा परस्परांशी संबंध नसला, तरी कैरोमध्ये त्यांचा एकत्रित परिणाम झाला. पश्चिमी राष्ट्रे शस्त्रे देत होती ती करारात येणाऱ्यांना; इतरांसाठी अटी होत्या. २७ सप्टेंबर १९५५ रोजी, म्हणजे पाकिस्तान करारात आल्यानंतर चारच दिवसांनी, चेकोस्लोव्हाकियाकडून शस्त्रे घेण्याचा निर्णय नासर यांनी जाहीर केला. हा व्यवहार वस्तुतः सोव्हिएट रशियाचाच होता. उंच भिंत बांधावी आणि पाहुण्याने मागल्या दारी यजमानाच्या निमंत्रणावरून यावे, तसे हे झाले.

यानंतर ब्रिटनने जॉर्डनला करारात ओढण्याचा प्रयत्न केला. त्यासाठी डिसेंबर १९५५ मध्ये जनरल जेरल्ड टेंप्लर यांना अम्मान येथे पाठविण्यात आले. पण कैरोच्या ‘अरबांचा आवाज’ या नभोवाणी कार्यक्रमाने आधीच तापलेल्या वातावरणात तेथे दंगली उसळल्या व सरकारे कोसळली. १ मार्च १९५६ रोजी राजा हुसेनने आपल्या सैन्याचे ब्रिटिश प्रमुख जॉन ग्लब यांना बडतर्फ केले. ऑक्टोबर १९५६ मध्ये ब्रिटन, फ्रान्स व इझ्राएल यांनी ईजिप्तवर आक्रमण केले, तेव्हा तर बगदाद करारातील चार मुस्लिम राष्ट्रांना ब्रिटनला वगळून बैठक भरवावी लागली. प्रादेशिक सुरक्षिततेची हमी देणाऱ्या करारातील एक प्रमुख सदस्य त्याच प्रदेशातील राष्ट्रावर चालून गेला होता. नूरी अस् सईद यांची स्थिती यामुळे सर्वांत कठीण झाली. देशात ते इंग्रजांचे हस्तक म्हणून ओळखले जाऊ लागले व त्यांना आपला अंमल मुख्यतः लष्करी कायदा व पोलीस यांच्या बळावर चालवावा लागला.

फेब्रुवारी १९५८ मध्ये ईजिप्त व सिरिया यांचे संयुक्त अरब प्रजासत्ताक स्थापन झाले. त्याला उत्तर म्हणून इराक व जॉर्डन या राजेशाह्यांनी आपला संघ बनविला. जुलै महिन्यात जॉर्डनच्या साहाय्यार्थ इराकी सेनेची एक ब्रिगेड पाठविण्याचे ठरले. तिला बगदादवरून जावयाचे होते. १४ जुलै १९५८ रोजी पहाटे या ब्रिगेडने जॉर्डनकडे न जाता राजधानीच ताब्यात घेतली. तरुण राजा दुसरा फैसल व युवराज अब्दुल इलाह ठार झाले. वेषांतर करून निसटलेले नूरी दुसऱ्या दिवशी मारले गेले. राजा व नूरी हे त्याच दिवशी बगदाद कराराच्या बैठकीसाठी इस्तंबूलला निघणार होते. ब्रिगेडियर अब्दुल करीम कासिम यांनी प्रजासत्ताकाची घोषणा केली. पाठोपाठ अमेरिकेचे नौसैनिक लेबाननमध्ये आणि ब्रिटिश छत्रीधारी सैनिक जॉर्डनमध्ये उतरले. इराकमध्ये कोणीही हस्तक्षेप केला नाही. २४ मार्च १९५९ रोजी इराकने करार सोडल्याचे अधिकृतपणे जाहीर केले.

सेंटो : संघटनेचे मुख्य कार्यालय १९५८ मध्ये अंकारा येथे हलविण्यात आले. ५ मार्च १९५९ रोजी अमेरिकेने तुर्कस्तान, इराण व पाकिस्तान यांच्याशी स्वतंत्र द्विपक्षीय करार केले आणि ऑगस्ट १९५९ मध्ये संघटनेने सेंटो हे नाव धारण केले. नाटो व आग्नेय आशियाई करार संघटना (सीटो) यांच्या मधला दुवा म्हणून ती ‘मध्यवर्ती’. तुर्कस्तानमुळे ती नाटोशी व पाकिस्तानमुळे सीटोशी जोडलेली होती. आता तिच्यात एकही अरब राष्ट्र उरले नव्हते.

नाटोप्रमाणे सेंटोला संयुक्त सेनापती किंवा स्वतःचे सैन्य कधीच नव्हते. लष्करी नियोजनासाठी एक मंडळ होते व वेळोवेळी नाविक आणि हवाई कवायती होत. सोव्हिएट सैन्य इराणमध्ये उतरल्यास त्याला झॅग्रॉस पर्वताच्या खिंडींत अडवावे, अशी योजकांची कल्पना होती. तथापि त्यासाठी लागणारे सैन्य कोणत्याच सदस्याकडे उपलब्ध नव्हते. सायप्रसमधील आक्रोतिरी येथील ब्रिटिश बाँबफेकी विमाने हेच संघटनेचे खरे बळ. आर्थिक क्षेत्रात काही कामे झाली. अंकारा, तेहरान व कराची यांना जोडणारी सूक्ष्मतरंग दूरसंचारव्यवस्था उभारण्यात आली. तुर्कस्तान व इराण यांना जोडणारा लोहमार्ग १९७१ मध्ये पूर्ण झाला. त्यावरील गाड्यांचे डबे व्हान सरोवरातून बोटीने पलीकडे नेले जात.

भारत व पाकिस्तान : या कराराचा भारताच्या सुरक्षिततेशी संबंध पाकिस्तानमुळे आला. २४ फेब्रुवारी १९५४ रोजी अध्यक्ष आयझनहौअर यांनी पंडित नेहरूंना पत्र लिहून, पाकिस्तानला दिलेली शस्त्रे भारताविरुद्ध वापरू दिली जाणार नाहीत, असे आश्वासन दिले होते. नेहरूंचा आक्षेप केवळ शस्त्रांपुरता नव्हता. लष्करी गटांमुळे शीतयुद्ध भारताच्या उंबरठ्यापर्यंत येते व नुकत्याच स्वतंत्र झालेल्या राष्ट्रांचे स्वातंत्र्य संकुचित होते, अशी त्यांची भूमिका होती. एप्रिल १९५६ मध्ये तेहरान येथील बैठकीनंतर काढलेल्या पत्रकात पॅलेस्टाइनबरोबरच काश्मीरच्या प्रश्नाचाही उल्लेख करण्यात आला. साम्यवादाविरुद्धच्या संघटनेला काश्मीरशी काय कर्तव्य, हा भारताचा सवाल रास्त होता. याचीही दुसरी बाजू घडली: डिसेंबर १९५५ मध्ये बुल्गानिन व ख्रुश्चॉव्ह यांनी श्रीनगर येथे काश्मीरबाबत भारताच्या बाजूने उघड भूमिका घेतली होती आणि पुढे सुरक्षा समितीत सोव्हिएट नकाराधिकाराचा आधार भारताला मिळत गेला.

पाकिस्तानच्या दृष्टीने करार अगदीच निष्फळ झाला असे नाही. पॅटन रणगाडे, सेबर व स्टारफायटर जातीची विमाने आणि सैन्याचे आधुनिक प्रशिक्षण त्याला मिळाले. मोबदल्यात त्याने पेशावरजवळील तळ अमेरिकेला वापरू दिला. १ मे १९६० रोजी सोव्हिएट प्रदेशात पाडले गेलेले यू-२ जातीचे टेहळणी विमान पेशावरहूनच निघाले होते. त्यामुळे ख्रुश्चॉव्हच्या धमक्या पाकिस्तानला ऐकून घ्याव्या लागल्या. परंतु ज्या प्रसंगासाठी पाकिस्तानने हे सर्व पत्करले होते, तो १९६५ मध्ये आला तेव्हा सेंटो स्वस्थ राहिली. सप्टेंबर १९६५ च्या युद्धात पाकिस्तानने आपल्या दोस्तांकडे मदत मागितली. इराण व तुर्कस्तान यांनी आपापल्या परीने थोडेफार साहाय्य केले, पण संघटना म्हणून काहीही हालचाल झाली नाही आणि अमेरिकेने दोन्ही राष्ट्रांचा शस्त्रपुरवठा थांबविला. यशवंतराव चव्हाण त्या वेळी भारताचे संरक्षणमंत्री होते. आयझनहौअर यांच्या आश्वासनाचा फोलपणा खेमकरणच्या रणभूमीवर निकामी होऊन पडलेल्या पॅटन रणगाड्यांनी भारतीयांच्या नजरेस आणून दिला. पाकिस्तान यापूर्वीच चीनकडे वळू लागला होता. पेशावरच्या तळाची मुदत त्याने पुढे वाढविली नाही. १९७१ मध्ये देशाचे दोन तुकडे झाले, तेव्हाही सेंटोची शांतता भंगली नाही. त्यानंतर पाकिस्तानने सीटो सोडली. सेंटोमध्ये तो राहिला, तो मुख्यतः इराण व तुर्कस्तान यांच्याशी असलेल्या जवळिकीमुळे.

ऱ्हास व विसर्जन : साठोत्तर काळात सर्वच सदस्य मॉस्कोशी जमवून घेऊ लागले. आपल्या भूमीवर परकीय क्षेपणास्त्रांचे तळ होऊ देणार नाही, असे वचन इराणने सप्टेंबर १९६२ मध्ये सोव्हिएट रशियाला दिले व १९६६ मध्ये त्याच्याशी इस्फाहान येथील पोलादकारखान्याचा करार केला. सायप्रसच्या प्रश्नावरून अमेरिकेचे अध्यक्ष लिंडन जॉन्सन यांनी जून १९६४ मध्ये पाठविलेल्या कठोर पत्रामुळे तुर्कस्तान दुखावला गेला. १९७४ च्या सायप्रसवरील लष्करी कारवाईनंतर तर अमेरिकेने त्याचा शस्त्रपुरवठा काही काळ बंद केला. ब्रिटनने जानेवारी १९६८ मध्ये सुएझच्या पूर्वेकडील तळ सोडण्याचा निर्णय जाहीर केला आणि १९७५ मध्ये सायप्रसमधील बाँबफेकी विमानेही मायदेशी नेली. संघटनेच्या वार्षिक बैठकी मात्र नियमितपणे भरत राहिल्या.

जानेवारी १९७९ मध्ये इराणच्या शाहाने देश सोडला. नव्या राजवटीने मार्चमध्ये सेंटोचे सदस्यत्व संपविले. पाकिस्तान त्याच सुमारास बाहेर पडला व तुर्कस्ताननेही मग विसर्जनाचा आग्रह धरला. सप्टेंबरअखेर अंकारा येथील कार्यालय बंद झाले. तीन महिन्यांनी, डिसेंबर १९७९ मध्ये, सोव्हिएट सैन्य अफगाणिस्तानात शिरले. सादाबाद करारात असलेला, पण पख्तून प्रश्नामुळे बगदाद करारापासून अलिप्त राहिलेला हा एकच शेजारी सोव्हिएट लष्कराने व्यापला. अमेरिकेने यानंतर प्रादेशिक करारांवर विसंबण्याऐवजी स्वतःचे शीघ्रकृती दल उभारले व १९८३ मध्ये त्याचे रूपांतर स्वतंत्र मध्यवर्ती सेनापत्यात केले.

तुर्कस्तान, इराण व पाकिस्तान यांनी जुलै १९६४ मध्ये सेंटोबाहेर, कोणत्याही बड्या राष्ट्राच्या सहभागाविना, विकासासाठी प्रादेशिक सहकार्य संघटना स्थापली होती. १९८५ मध्ये तिला आर्थिक सहकार्य संघटना असे नाव देण्यात आले. १९९२ मध्ये अफगाणिस्तान, आझरबैजान आणि मध्य आशियातील पूर्वीची पाच सोव्हिएट प्रजासत्ताके तिची सदस्य झाली. तिचे कार्यालय तेहरान येथे आहे.